रद्दीत गेलेली सोळा पानं

किनुए तोबाशी गेल्या. बातमी सात ओळींची होती, फोनवर, हवामान आणि एका नव्या कॉन्डोच्या जाहिरातीच्या मधे दाबून बसवलेली. जपानी चित्रकथा, म्हणजे मंगा, काढणाऱ्या बाई, वय ब्याऐंशी, मागे कोणी नाही. मी ती बातमी आमच्या घरच्या ग्रुपवर टाकली. का टाकली देव जाणे. दोन मिनिटांत पुण्याहून प्रकाशमामाचं उत्तर आलं, 'ही तीच का, रफ-फेअरवाली?' आणि पुढे तीन हसरे चेहरे. मग मावशी हसली, मग मावसभाऊ हसला, मग त्याच्या बायकोने विचारलं की रफ-फेअर म्हणजे काय, आणि मामाने ती सगळी गंमत तिला नव्याने लिहून सांगितली, तीही निम्मी चुकीची. ऑफिसला जाणाऱ्या बसमध्ये उभ्या उभ्या माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. पंचवीस वर्षं हा विनोद मी ऐकते आहे. गणपतीत, बारशात, कोणाच्या तरी साठीत. हसले नाही तर 'एवढं काय मनावर घ्यायचं' आणि बोलले तर 'झालं गेलं गंगेला मिळालं.' माझ्या चाळिशीनंतरही माझ्या रागाचं वय यांच्या लेखी सोळाच राहिलं आहे. म्हणून ती गोष्ट आता मीच लिहून काढते, म्हणजे निदान एकदा तरी ती बरोबर सांगितली जाईल.

आम्ही सिंगापूरला, क्लेमेंटीत राहायचो, अकराव्या मजल्यावर. स्वयंपाकघराच्या खिडकीतून बाहेर बांबूवर वाळत घातलेले कपडे, समोरच्या ब्लॉकचे तसेच कपडे, आणि दुपारी शेजारच्या मलाय मावशी सांबल, म्हणजे मिरचीची चटणी, परतायला लागल्या की आमच्या पोळ्यांनासुद्धा सुक्या कोळंबीचा वास लागायचा. आई पंखा लावून, दार बंद करून बसायची आणि दहा मिनिटांनी स्वतःच उठून दार किलकिलं करायची, कारण खरं तर तिला तो वास आवडायचा. आई केमिस्ट्रीची एम. एस्सी. होती. पुण्यात एका कॉलेजात शिकवत होती. इथे ती बाबांच्या नोकरीमुळे मिळालेल्या पासवर, म्हणजे व्हिसावर आली, आणि त्या पासवर तिला नोकरी करता येत नव्हती, म्हणून तिने सगळी केमिस्ट्री इडलीच्या पिठात आणि दह्याच्या विरजणात घातली. ती रागावलेली कधी दिसायची नाही, ऐकू यायची. डबा जरा जोरात बंद व्हायचा, झाकण ओट्यावर पडायचं, पातेलं सिंकमध्ये आपटायचं. बाबा बाहेरून विचारायचे, 'काय पडलं गं?' आणि आई म्हणायची, 'काही नाही, झाकण पडलं.' आमच्या घरात वस्तू फार पडायच्या.

बाबा जुरोंग आयलंडवर एका रिफायनरीत होते. पहाटे कंपनीची बस, गळ्यात पास, संध्याकाळी सव्वासहाला परत. त्यांचं काम परवाने तपासायचं. कुठल्याही टाकीवर, पाइपवर कोणी ठिणगी पाडण्याआधी एक कागद भरावा लागायचा, आणि त्या कागदावर बाबांची सही झाल्याशिवाय वेल्डिंगवाला हातसुद्धा लावायचा नाही. ते कागदावर फूटपट्टी ठेवायचे, एक ओळ वाचायची, शेजारी पेन्सिलीने बारीक टिक करायची, पट्टी खाली सरकवायची. सवयच ती. घरी आलेलं विजेचं बिल, माझ्या शाळेची परिपत्रकं, एकदा तर लग्नाची पत्रिकासुद्धा त्यांनी अशी पट्टी लावून वाचली होती आणि मुहूर्ताशेजारी टिक केली होती. आम्ही हसलो की म्हणायचे, 'न वाचता सही करणारा माणूस दुसऱ्याला मारतो.' हे वाक्य लक्षात ठेवा. मी अजून विसरलेले नाही.

आणि रफ-फेअर. बाबांच्या घरी सगळ्या भावंडांना दोन वह्या असायच्या, कच्ची आणि पक्की. कच्चीत वाट्टेल तशी खाडाखोड करा, पक्कीत एक काट दिसली तर आजोबा पान फाडायला लावायचे. वर्ष संपलं की कच्च्या वह्या रद्दीत आणि पक्क्या कपाटात. बाबांनी ती पद्धत समुद्र ओलांडून इथवर आणली. मला चौथीपर्यंत प्रत्येक विषयाच्या दोन वह्या होत्या, आणि वर्गातल्या मुली विचारायच्या, 'व्हाय यू डू होमवर्क टू टाइम्स, सिली अह?' महिन्यातून एकदा बाबा वर्तमानपत्रं आणि कच्चे कागद सुतळीने बांधायचे. आडवा वेढा, उभा वेढा, मधे दुहेरी गाठ, आणि सुतळीची टोकं एकसारखी कापलेली. मग खालून भोंगा वाजला की काराँगगुनीवाला, म्हणजे इथला रद्दीवाला, आपली ढकलगाडी घेऊन वर यायचा आणि बाबा गठ्ठा त्याच्या हातात द्यायचे, टाकायचे नाहीत, द्यायचे.

तोबाशीबाई माझ्या आयुष्यात आल्या बाराव्या मजल्यावरच्या हुई मिनमुळे. तिच्या थोरल्या बहिणीकडे मंगाचा खोका होता, चिनी भाषांतरातला. मला चिनी येत नव्हतं. हुई मिन जिन्यात माझ्याशेजारी बसून मला वाचून दाखवायची, उजवीकडून डावीकडे, बोटाने. 'धिस वन शी से शी डोन्ट वॉन्ट गेट मॅरीड, शी ओन्ली वॉन्ट रिपेअर अम्ब्रेला.' ते तोबाशीबाईंचं पहिलं मोठं काम होतं, छत्र्या दुरुस्त करणाऱ्या कायो नावाच्या मुलीची गोष्ट, अकरा भाग. आई एकदा ते पुस्तक मागच्या पानापासून उघडून वाचायला लागली आणि म्हणाली, 'उलट्या पुस्तकातून कार्टी उलटंच शिकणार.' मी खरंच उलटं शिकले. शिकले ते असं, की या बाई रागावलेल्या माणसाचा चेहरा काढतच नाहीत. कपाळावरच्या शिरा नाहीत, वटारलेले डोळे नाहीत. त्या हात काढतात. कायोच्या दुकानात तिचा काका येऊन तिच्यासाठी ठरवलेल्या मुलाचं कौतुक करतो, आणि पुढची अख्खी दोन पानं फक्त कायोचे हात आहेत. छत्रीची वाकलेली काडी ती सरळ करते आहे, हळूहळू, आणि शेवटच्या चौकटीत ती काडी मोडते. जिन्यात बसून मी ते पाहिलं आणि मला आमचं स्वयंपाकघर ऐकू आलं.

मग मी त्यांच्याबद्दल मिळेल ते शोधायला लागले. त्या वेळी शोधणं म्हणजे लायब्ररीत नंबर लावून संगणकावर बसणं आणि हुई मिनच्या बहिणीचं डोकं खाणं. तोबाशीबाईंचे वडील एका बंदराच्या गावात छत्र्या दुरुस्त करायचे. पंधराव्या वर्षी ही मुलगी शहरात गेली आणि एका फार मोठ्या चित्रकाराकडे मदतनीस म्हणून लागली. चार वर्षं त्याच्या पुस्तकांतला पाऊस ती काढत होती. त्याच्या पावसाचं सगळीकडे कौतुक झालं, आणि हिचं नाव एकाही पुस्तकावर नाही. पुढे कायोची गोष्ट गाजली, आणि अकराव्या भागाच्या वेळी संपादक अडून बसला की वाचकांना शेवटी लग्न हवं. बाईंनी लग्न काढलं. वऱ्हाड काढलं, पंगत काढली, ताटातला मासा काढला, आणि नवरीचा चेहरा पांढऱ्या रंगाने पुसून कोरा ठेवला. लोकांना वाटलं छपाईची चूक आहे. चूक नाही म्हटल्यावर त्यांना काम मिळेना. नऊ वर्षं त्या एका कारखान्याच्या कँटीनमध्ये भात शिजवत होत्या. मग 'मीठ' आलं, मिठागरातल्या बायकांची गोष्ट, आणि त्यानंतर 'उकळी', त्या कँटीनची. दोन्हींत मिळून कोणाचं लग्न होत नाही आणि कोणी माफीही मागत नाही. मी सोळा वर्षांची होते. मला वाटलं, ही बाई माझ्यासाठीच काढते आहे. आज इतकी वर्षं चित्रंच काढून पोट भरल्यावरही मला ते खोटं वाटत नाही.

त्या वर्षी तोबाशीबाई सिंगापूरला येणार असं कळलं. कुठल्याशा संस्थेने बोलावलं होतं. इथल्या शाळकरी मुलांनी आपापल्या गोष्टीचं पहिलं पान पाठवायचं, त्यातून पाच जणांना बाईंसमोर सोळा पानांची पुरी गोष्ट घेऊन बसता येणार, आणि त्या पाचांतल्या एकाला परीक्षेनंतरच्या सुट्टीत सहा आठवडे बाईंच्या घरी राहून, त्यांच्याच टेबलावर काम करायला मिळणार. मी पाचांत आले. माझी गोष्ट एका बाईची होती. ती केमिस्ट्री शिकलेली आहे, आणि एका सकाळी नवरा तापाने झोपलेला असताना त्याचा पास गळ्यात घालून कंपनीच्या बसमध्ये चढते, आणि दिवसभर त्याचं काम त्याच्यापेक्षा बरं करते. आईने ती वाचली तेव्हा एवढंच म्हणाली, 'मी एवढी जाड आहे का गं?' आणि ते पान पुन्हा एकदा पाहिलं. बाबांनी वाचली आणि म्हणाले की परवान्याचा रंग मी चुकीचा लिहिला आहे.

पालकांच्या सहीचा एक कागद आला होता. बाबा जेवणाच्या टेबलावर बसले, फूटपट्टी घेतली, टिक करत करत खाली आले आणि सही केली. चौथ्या ओळीत लिहिलं होतं की मूळ पानंच आणावीत, झेरॉक्स पाहिल्या जाणार नाहीत. चौथ्या ओळीशेजारीही टिक होती. तो कागद मी अजून ठेवला आहे.

मूळ पान दिसायला फार वाईट असतं, हे इथे सांगायला हवं. मी पाच महिने ती सोळा पानं काढत होते, शाळेतून आल्यावर, खिडकीपाशी, निबच्या टाकाने. निळ्या पेन्सिलीच्या रेघा खालून दिसतात. चुकलं की पांढरा रंग लावायचा, तो वाळून खडबडीत होतो. सावली दाखवायला ठिपक्यांची चिकट फिल्म ब्लेडने कापून लावायची, तिच्या कडा उचकटतात. एक चौकट अगदीच बिघडली तर नवी काढून वरून डकवायची. सातव्या पानावर आईचा हात मी पाच वेळा डकवला होता, ते पान पुठ्ठ्याइतकं जाड झालं होतं. आणि त्याची झेरॉक्स काढली की यातलं काही म्हणता काही दिसत नाही. सगळं काळंपांढरं, गुळगुळीत, शहाणं. हुई मिनला द्यायला म्हणून मी ब्लॉकखालच्या दुकानातून एक संच काढून आणला होता. दोन्ही गठ्ठे माझ्या टेबलावर शेजारी शेजारी होते.

गणपती बुधवारी बसणार होते, आणि बाईंसमोर जायचं होतं त्यानंतरच्या रविवारी. आधीच्या शनिवारी घरात साफसफाई निघाली. मी शाळेत जादा तासाला गेले होते. परत आले तर माझं टेबल पुसलेलं, पेन्सिली टोक करून उभ्या ठेवलेल्या, आणि मधोमध एक नवी कोरी फाइल, प्लास्टिकच्या कप्प्यांत सोळा झेरॉक्स क्रमाने घातलेल्या, वर बाबांच्या मोठ्या सरळ अक्षरांत 'फेअर'. 'बाकीची पानं कुठे आहेत?' मी विचारलं. बाबा खिडकीच्या काचा पुसत होते. 'ती कच्ची ना? चिकटवाचिकटवी होती सगळी. गठ्ठ्यात दिली.' मी लिफ्टची वाट न बघता अकरा मजले पळत उतरले. भोंगा दूर कुठेतरी वाजत होता. एक ब्लॉक, दुसरा ब्लॉक, मार्केटच्या मागे, बसस्टॉपपाशी. गाठलं मी त्याला. म्हातारा ढकलगाडी रिकामी करून सावलीत कॉफी पीत बसला होता. मी धापा टाकत पेपर, पेपर म्हणाले. तो म्हणाला, 'लॉरी गो ऑरेडी, गर्ल. हाफ अवर.' आणि माझा चेहरा पाहून त्याने स्वतःची कॉफी माझ्यापुढे धरली. त्या दिवसात माझ्याशी नीट वागलेला तो एकटा माणूस.

वर येऊन मी बाबांसमोर तो सहीचा कागद धरला. चौथी ओळ, टिक. बाबा कागदाकडे बघत राहिले आणि म्हणाले, 'लक्षात राहिलं नाही गं. चूक झाली.' मी म्हणाले, 'तुमची चूक होत नाही. तुम्ही वाचल्याशिवाय सही करत नाही.' आई मधे पडली. टिक म्हणजे वाचलं, लक्षात राहिलं असं थोडंच, माणूस आहेत ते, दिवसभर तिथे जिवाशी खेळ असतो, आणि मुलीच्या जातीला एवढा राग बरा नाही. मी म्हणाले, 'राग नाही, मी विचारते आहे.' ते खोटं होतं. मला इतका राग आला होता की माझे हात कोपरापर्यंत गार पडले होते. पण मी नुसतं रागावले नव्हते, मला खरंच उत्तर हवं होतं. त्यांनी विसरून टाकलं की टाकायचं म्हणून टाकलं, एवढंच. विसरले असतील तर मी चार दिवस रडून मोकळी झाले असते. आणि नसतील विसरले, तर मी या घरात कोणाबरोबर राहते आहे हे मला कळायला हवं होतं.

त्याऐवजी मला गणपती मिळाले. बुधवारी घर माणसांनी भरलं. आईने सकाळपासून उकड काढली होती, तिच्या मोदकाला एकवीस कळ्या असायच्या आणि त्या दिवशी एकही मोदक फुटला नाही. आरती झाली, प्रसाद झाला, आणि कोणीतरी मला विचारलं, 'काय गं, तुझ्या जपानी बाई कधी येतायत?' मी तोंड उघडायच्या आत बाबाच म्हणाले, 'अहो, गंमतच झाली.' आणि सांगितलं. कच्ची वही, पक्की वही, आजोबा, चिकटवलेली पानं, आणि 'मी आपला इमानदारीत फेअर ठेवलं आणि रफ दिलं रद्दीत!' अख्खी खोली हसली. एक बँकेतले काका डोळे पुसत म्हणाले, 'आमच्याकडेही असंच झालं असतं हो.' प्रकाशमामा तेव्हा पुण्याहून आलेला होता, त्याने ती गोष्ट सोबत नेली. आपल्या माणसांत एखाद्या गोष्टीचा विनोद झाला ना, की तिची चौकशी बंद होते. मी हातातला मोदक पानावर ठेवला, तो तुपात तसाच भिजत पडला. आई म्हणाली, 'अन्नावर राग काढू नये.' मग कशावर काढायचा असतो, हे मात्र कोणी सांगितलं नाही.

रविवारी मी जाणार नव्हते. बाबा म्हणाले, 'नाव दिलं आहे तर जायचं.' बाईंचा कार्यक्रम पाया लेबारला होता, तिथे तेव्हा आजच्यासारखे मॉल आणि काचेची ऑफिसं नव्हती. एका जुन्या इमारतीच्या दुसऱ्या मजल्यावर हॉल होता. एमआरटीत, म्हणजे इथल्या मेट्रोत, बाबांनी ती फाइल मांडीवर उभी धरली होती, इस्त्रीचा शर्ट घातला होता. तोबाशीबाई बुटक्या होत्या, कापलेले पांढरे केस, अंगठ्याच्या नखात शाई. शेजारी इंग्रजीत सांगणारी एक तरुण मुलगी. बाई प्रत्येकाचं पान घेऊन खिडकीकडे धरायच्या, तिरकं करायच्या, मग डोळे मिटून त्यावरून बोट फिरवायच्या. माझा नंबर आला. त्यांनी पहिलं पान हातात घेतलं, बोट फिरवलं, थांबल्या आणि खाली ठेवलं. मूळ पानं कुठे आहेत, त्या मुलीने विचारलं. मी बोलायच्या आत बाबा पुढे झाले. 'मॅडम, धिस इज द फेअर कॉपी. व्हेरी क्लीन. द अदर वॉज रफ, सो आय डिस्पोज्ड. माय मिस्टेक.' आणि हसले. गणपतीतलंच हसू. त्या मुलीने शब्द सांगितले. हसू तिला सांगता आलं नाही.

बाई हसल्या नाहीत. त्यांनी बाबांच्या हातांकडे बऱ्यापैकी वेळ पाहिलं. मग मला म्हणाल्या, की या पानात काहीच दिसत नाही, तू कुठे कुठे मत बदललंस ते मला बघायचं होतं. आत्ता काही काढतेस का? त्यांनी स्वतःचा टाक मला दिला. मी कोपऱ्यातल्या टेबलावर बसले आणि तासाभरात एक पान काढलं. सहा चौकटी. गुडघे टेकून बसलेला माणूस, पुढे पानांचा गठ्ठा. सुतळीचा आडवा वेढा. उभा वेढा. दुहेरी गाठ. कापलेली टोकं. पाच चौकटींत फक्त हात, त्यांच्याकडूनच शिकले होते. सहाव्यात मी चेहरा काढला. त्या माणसाला सगळं माहीत आहे, असा चेहरा.

बाईंनी पान बघितलं, बोट फिरवलं आणि पांढऱ्या रंगाची बाटली माझ्यापुढे सरकवली. हात खरे आहेत, त्या मुलीकरवी म्हणाल्या, पण हा चेहरा तू रागात काढला आहेस. तू तो पाहिला होतास का? मी म्हणाले, नाही, मी शाळेत होते. मग तुला कसं कळलं? मी म्हणाले, 'माझे वडील सही करण्याआधी सगळं वाचतात.' बाबा माझ्या मागे चार पावलांवर उभे होते. ती मुलगी क्षणभर घुटमळली, मग तिने ते जपानीत सांगितलं. तोबाशीबाईंनी बाटलीचं झाकण लावलं आणि बाटली परत आपल्या पिशवीत ठेवली. दुसऱ्या कोणालाही, अगदी माझ्या आईलाही, जे जमलं नाही ते, माझं खरं मानणं, त्यांनी एक झाकण फिरवून केलं.

निवड माझी झाली नाही. सोळा पानं हवी होती, माझ्याकडे एक होतं. मांजरांची गोष्ट काढलेली एक मुलगी जपानला गेली. मला बाईंचाही राग आला, त्यांच्याइतकी नियमांवर चिडलेली बाई माझ्यासाठी एक नियम मोडू शकली नाही म्हणून, आणि तो राग मी काही वर्षं जपला. परतीच्या एमआरटीत बाबांनी ते पान मागितलं. मी दिलं. त्यांनी ते चष्मा लावून बघितलं, बुओना व्हिस्टा स्टेशन येईपर्यंत. मग म्हणाले, 'गाठ बरोबर काढली आहेस.' चेहऱ्याबद्दल ते एक अक्षर बोलले नाहीत.

त्यानंतर बाबांनी माझा कागदाचा कपटासुद्धा न विचारता टाकला नाही. दारात उभे राहून चिठोरी दाखवायचे, 'ही रफ की फेअर?' आई मला डोळ्यांनी खुणावायची, बघ, किती वाईट वाटतंय त्यांना. मी 'टाका' म्हणायचे. मी मोठी झाले, इथेच नोकरीला लागले. यंत्रांच्या आणि विमानांच्या सुरक्षेच्या पत्रकांवर जी माणसं असतात, पट्टा लावणारी, मास्क ओढणारी, ती मी काढते. विमान जळत असलं तरी त्यातल्या कोणालाही राग येत नाही. पोट भरतं. ते एक पान चौकट करून माझ्या घरी लावलं आहे, आणि प्रकाशमामा आला की त्याच्याखाली बसूनच विनोद सांगतो.

बातमी आली त्या आठवड्यात रविवारी सकाळी मी क्लेमेंटीला गेले. तोच फ्लॅट, तोच अकरावा मजला. आई आतल्या खोलीत कपड्यांच्या घड्या घालत होती. मी आमच्या तिघांचा चहा ठेवला. बाबा ओट्याशेजारच्या खुर्चीवर येऊन बसले. आता ते शहात्तरचे आहेत, हात थोडे थरथरतात, सुतळी बांधता येत नाही, वर्तमानपत्रं नुसती साचतात. म्हणाले, 'त्या बाई गेल्या ना.' मी हो म्हणाले. मग म्हणाले, 'त्या दिवशी गाडीत मी गाठीचं बोललो.'

'हो.'

'चेहराही बरोबर होता.'

चहा उकळायला लागला होता. मी त्यांच्याकडे पाठ करून उभी होते. ते हळू आवाजात, परवान्यातली एकेक ओळ वाचावी तसे बोलले. चौथी ओळ वाचली होती. नीट वाचली होती. गठ्ठा बांधताना एकदा सोडलाही होता आणि पुन्हा बांधला. 'सहा आठवडे म्हणून गेली असतीस तर तू परत आली नसतीस, शमे. तुझी ती गोष्ट वाचली तेव्हाच मला कळलं होतं. आईला नाही सांगितलं कधी.'

'आणि गणपतीत सगळ्यांना हसवलंत.'

माझं वय एक्केचाळीस. पंचवीस वर्षं मला जे उत्तर हवं होतं ते या खुर्चीत बसून दिलं जात होतं, बाई गेल्यावर, हात थरथरायला लागल्यावर, आता त्याचं काही करता येणार नाही तेव्हा. मला वाटलं होतं की हे कधी कळलं तर मी रडेन, किंवा मोकळी होईन, निदान बसेन तरी. कशाचं काय. हात कोपरापर्यंत गार पडले, सोळाव्या वर्षी पडले होते तसेच. मी गॅस बंद केला, पातेलं चिमट्याने उचललं, आणि चहासकट सिंकमध्ये आपटलं.

'काय पडलं गं?' आतून आईने विचारलं.

'पडलं नाही, आई,' मी म्हणाले. 'आपटलं.'